रिकाम्या घराचं शूटिंग

आईच्या खोलीला मी बाहेरून कडी लावून कामाला जात होतो. सकाळी अकराला लावायची, संध्याकाळी पाचला काढायची. हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. साताऱ्याच्या ताईला नाही, डॉक्टरांना नाही, बिल्डिंगमधल्या लोकांना तर नाहीच. एका माणसाला मात्र मी न सांगता ते कळलं, कारण त्यांनी ते पाहिलं. हे लिहायला बसलोय ते त्या माणसाविषयी. माझ्याविषयी जेवढं येईल तेवढं नाइलाज म्हणून.

त्यांचं नाव लिहीत नाही. सांगलीत ते नाव पुरेसं चघळून झालंय. आम्ही त्यांना आण्णा म्हणायचो. मूळचे आटपाडीकडचे, विश्रामबागेत दोन खोल्या भाड्याने घेऊन एकटे राहायचे. लग्नाचं शूटिंग करायचे आणि मी त्या शूटिंगचं मिक्सिंग करायचो, म्हणजे सहा तासांच्या हळदी-अक्षतांमधून दीड तासाची, गाणी लावलेली फिल्म काढायचो. चौदा वर्षं एकाच स्टुडिओत आम्ही काम केलं. त्यांच्याइतका हळू चालणारा, हळू बोलणारा आणि समोरच्याला अस्वस्थ करणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही.

कुणाच्याही घरात शिरले की आण्णा आधी माणसांकडे बघत नसत. दारांच्या बिजागऱ्या बघायचे. मग कोपरे. मग कुठला नळ ठिबकतोय ते कान देऊन ऐकायचे. एकदा माधवनगरला एका व्यापाऱ्याच्या घरी साखरपुड्याचं बोलायला गेलो होतो. घरातल्या वहिनी पाणी घेऊन आल्या. आण्णा खिडकीजवळच्या एका खुर्चीकडे बघत होते.

"वैनी, ही खुर्ची कुनाची?"

"कुणाची म्हणजे? आपलीच. बसा की."

"न्हाई, हितं बसत कोन व्हतं?"

वहिनी तांब्या हातात घेऊन तशाच उभ्या राहिल्या. खुर्ची सासऱ्यांची होती, त्यांना जाऊन वर्ष व्हायचं होतं, आणि तेव्हापासून त्या खुर्चीवर घरातलं कुणी बसलेलं नव्हतं. हे त्या घरात कुणी ठरवलं नव्हतं. आण्णांनी विचारेपर्यंत कुणाच्या लक्षातही आलं नव्हतं. बाहेर पडल्यावर मी चिडलो. "आवं आण्णा, ऑर्डर घ्यायला आलोय आपण, काळजाला हात घालायला नाही."

"म्या कुटं हात घातला? खुर्चीच बोलत व्हती गड्या."

तरीही त्यांना काम मिळायचं, आणि मिळायचं ते एका कारणासाठी. नवरीच्या खोलीत जाताना ते दाराबाहेर उभे राहून खोकायचे, मग "आत कोन थोरलं हाय का?" असं विचारायचे, आणि एखादी म्हातारी बाई येऊन घेऊन जाईपर्यंत उंबरा ओलांडायचे नाहीत. दुसरे शूटिंगवाले घाईत कसेही घुसायचे. बायका आण्णांनाच मागून घ्यायच्या. "तेच द्या, ते खोकणारे."

त्यांचं खरं काम मात्र लग्न संपल्यावर सुरू व्हायचं. पाठवणीच्या वेळी सगळं घर दारात, रस्त्यावर. नवरी रडतेय, आई रडतेय, मामा गाडीचा दरवाजा धरून उभा. दुसरा कॅमेरावाला ते काढायचा. आण्णा त्या वेळी उलटे फिरून घरात जायचे. रिकाम्या माजघरात स्टँड लावायचे आणि वीस मिनिटं कॅमेरा चालू ठेवून स्वतः बाजूला भिंतीला टेकून उभे राहायचे. जमिनीवर सांडलेल्या अक्षता, एका चपलेवर पालथी पडलेली दुसरी चप्पल, कुणीतरी अर्धा पिऊन ठेवलेला चहा, चालू राहिलेला पंखा. बाहेरून रडण्याचा आवाज. मग गाडी गेल्याचा. मग काहीच नाही.

एकदा नवरीचे वडील डोळे पुसत आत आले आणि त्यांना बघून दचकलेच. "आवं, लगीन तिकडं हाय! हितं काय काढताय?"

"लगीन झालं," आण्णा म्हणाले. "आता ह्ये चालू झालं."

ते वडील पुढची पाच मिनिटं तिथेच उभे राहिले. कॅमेऱ्यात काय दिसतंय ते त्यांनीही बघितलं असावं. मग त्यांनी पंखा बंद केला आणि खाली बसले.

असल्या तुकड्यांतून आण्णा स्वतःच्या फिल्म करायचे. गोष्ट नाही, नट नाहीत, संगीत नाही. नुसती घरं, आणि तीही दुपारची. "भूत दावायला अंधार कशाला लागतो?" ते म्हणायचे. "दुपारचं तीन पुरे. भांडी घासून झालेली, पोरं शाळेत, बाई जरा आडवी झालेली. त्या टायमाला घर आपल्याकडं बघत असतं." कॅमेरा ते जमिनीवर बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर ठेवायचे. दार असलं तर ते पूर्ण उघडं नको, बंदही नको, चार बोटं फट हवी. आवाज नेहमी शेजारच्या खोलीतला हवा, म्हणजे बघणाऱ्याला तिकडे जावंसं वाटतं आणि जाता येत नाही. मिक्सिंगला माझ्या मागे स्टूल टाकून बसायचे आणि माझा हात धरायचे.

"हितं कापू नगंस. आजून धर."

"आण्णा, काहीच होत नाहीये."

"काय तरी व्हावं म्हनून तू थांबलायस न्हवं? तेच हाय ते."

आणि त्यांचं एक वाक्य मला पाठ आहे: "मानूस दिसला की बघनारा सुटतो. मानूस न्हाई दिसला, की त्योच आत जाऊन बसतो."

साताऱ्यात वेगळे सिनेमे बघणारी पंधरा-वीस मंडळी आहेत, महिन्यातून एकदा एका क्लासच्या हॉलमध्ये पडदा लावतात. त्यांनी एकदा आण्णांना बोलावलं. आण्णांनी दुधाची फिल्म नेली. अर्धा तास. गॅसवर पातेलं, पातेल्यात दूध, ओट्यापाशी कुणी नाही. आतल्या खोलीत टीव्ही चालू. मधूनच स्लिपरचा आवाज जवळ येतो, दारापाशी थांबतो, परत जातो. दूध चढतं, काठाला येतं, आणि आता उतू जाणार म्हणताना पुन्हा खाली असतं, पुन्हा चढायला लागतं. ती करामत माझीच. त्यासाठी अकरा वेळा दूध तापवलं होतं, आणि नंतर आठवडाभर आम्ही दोघांनी बासुंदी खाल्ली होती. त्यामुळे मला भीती वाटायचं कारणच नव्हतं. तरी त्या हॉलमध्ये दहाव्या मिनिटाला मी खुर्चीतून अर्धा उठलो होतो.

दुसऱ्या रांगेतल्या एक बाई मोठ्यांदा म्हणाल्या, "अहो, कुणीतरी गॅस बंद करा ना!" सगळे हसले. मग हसू हळूहळू थांबलं, आणि ते थांबलेलंही ऐकू आलं. फौजेतून निवृत्त झालेले एक सुभेदार उठून बाहेर गेले. व्हरांड्यातून त्यांचा आवाज येत होता. "गॅस बघ. न्हाई, आत्ता बघ. फोन ठिवू नकोस, फोन धरूनच जा." फिल्म संपल्यावर तेच पुढे आले. "साहेब, एक विचारू? त्या घरातली बाई गेली कुटं?"

"तुमाला काय वाटतं?"

"मेली असंल आत."

आण्णा अगदी हळू म्हणाले, "म्या तर कुनाला मारलं न्हाई, सुबेदारसाहेब. तुमीच मारलीसा."

आम्ही एसटीने परत आलो. ताईचं घर हॉलपासून चार गल्ल्यांवर होतं. मी गेलो नाही. ताईने आईविषयी विचारलं असतं.

आता ते सांगतो.

आईला विसरण्याचा आजार झाला त्याला तेव्हा दोन वर्षं झाली होती. मी लग्न केलेलं नाही. घरात आम्ही दोघंच. ताई म्हणत होती, आईला माझ्याकडे आण. भावजींनीही दोनदा फोन केला. मी म्हणालो, "मी असताना आई लेकीच्या घरी कशाला?" आमच्याकडे हे वाक्य म्हटलं की पुढे कुणी बोलत नाही. उलट कौतुक होतं. आमच्या मूळ गावी, कुंडलला, चुलत्यांनी तर भरल्या पंगतीत सांगितलं, मुलगा असावा तर असा. मला ते ऐकायला आवडत होतं. हेही मी पहिल्यांदाच लिहितोय.

दिवसा सांभाळायला एक बाई होत्या. दोन महिन्यांनी त्यांच्या सुनेचं बाळंतपण आलं आणि त्या गेल्या. दुसरी बघू, बघू, म्हणत राहिलो. एक दिवस आई एकटीच बाहेर पडली आणि मोठ्या रस्त्यावर उभी राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला विचारत होती, "कुंडलची गाडी कवा हाय?" रिक्षावाल्याने आणून सोडली. दुसऱ्या दिवशी मी कडी लावली. ताईला आणि बिल्डिंगमध्ये सांगत राहिलो की बाई येतात.

त्याच सुमारास आण्णा म्हणाले, "तुज्या सैपाकघरात एक दुपार कॅमेरा ठिवतो. तितं ऊन चांगलं येतं." मी हो म्हणालो. ओटा, मोरी, खिडकी एवढंच येणार, असं माझ्या डोक्यात. सकाळी दहाला येऊन त्यांनी स्टँड लावला, वायर जोडली, कॅमेरा चालू केला आणि ते गेले. मी निघेपर्यंत मला त्याचा विसर पडला होता. कॅमेऱ्याच्या चौकटीत उजव्या बाजूला घरातला बोळ येतो आणि बोळात आईच्या खोलीचं दार येतं, हे मी बघितलंच नाही. चौदा वर्षं त्यांच्या चौकटी कापत आलेला मी.

तीन दिवसांनी त्यांनी माझ्या टेबलावर कॅमेऱ्याचं कार्ड ठेवलं. "आदी सगळं बघ. मग बोलू."

मी एकटा बसून बघितलं. सुरुवातीला माझीच पाठ आहे. मी ओट्यावरून पाण्याची बाटली आणि दोन केळी घेतो, आईच्या खोलीत जातो, बाहेर येतो, कडी लावतो. मग ती ओढून बघतो. दोनदा. मग घड्याळ बघून चौकटीबाहेर जातो.

त्यानंतर नुसतं स्वयंपाकघर. खिडकीतलं ऊन ओट्यावर, मग फरशीवर. रोज मी तिथे चहा करतो, पोहे परततो. ते माझं स्वयंपाकघर मला ओळखू येत नव्हतं. चाळीस मिनिटांनी कडी हलली. अर्धा इंच वर, आणि परत खाली. बराच वेळ काही नाही. मग आवाज आला. "आवं, कोन हाय का भाईर?" परक्याला हाक मारावी तसं, अदबीने. मग टकटक. तीनदा टकटक करायची, थांबायचं. पाहुणे थांबतात तसं. पुन्हा तीनदा.

कुणीतरी येऊन कडी काढेल म्हणून मी स्क्रीनसमोर वाट बघत होतो. त्या घरात येणारा दुसरा कुणी नव्हता. मी रेकॉर्डिंग पुढे ढकललं. पुढेही तेच होतं. आणखी ढकललं. ऊन भिंतीवर चढलं होतं, आणि कडी हलत होती.

संध्याकाळी आण्णा आले. मी खाली बघत होतो. ते म्हणाले, "माजं आजवरचं सगळ्यात चांगलं काम हाय ह्ये. आनि ह्ये म्या कुनाला दावनार न्हाई. कार्ड तुज्याकडंच ठिव." शिव्या दिल्या असत्या तर मी त्यांच्याशी भांडलो असतो. त्यांनी फक्त विचारलं, "जेवाण येळेवर असतं न्हवं त्यांचं?"

आठवड्याने मला मोरीत दोन कप दिसले.

फ्लॅटची किल्ली मी मीटरच्या पेटीत ठेवत असे, शूटिंगच्या दिवशी कॅमेरा परत न्यायला लागेल म्हणून मीच त्यांना दाखवली होती. साडेबाराला ते यायचे, कडी काढायचे, आईला स्वयंपाकघरात आणून बसवायचे, चहा करायचे, साडेचारला तिला खोलीत निजवून पुन्हा कडी लावून जायचे. मला काही बोलले नाहीत. मीही विचारलं नाही. स्टुडिओतून त्यांचं जाणं-येणं आणि आईचं रात्रीचं बोलणं, यांवरून मी ते जुळवत गेलो. आईच्या लेखी ते पंखा दुरुस्त करणारे होते. रोज ती विचारायची, झाला का पंखा? रोज ते सांगायचे, न्हाई आई, उद्या यावं लागंल. रात्री जेवताना आई मला म्हणायची, "पंखेवाला लय सावकाश काम करतो. पन मानूस चांगला हाय." तीन महिने हे चाललं. मी लाजेने अर्धमेला आणि सुटकेने हलका, असा दोन्ही होतो. तेव्हाही कडी लावणं मी थांबवलं नाही. त्यांना उशीर झाला तर, हे कारण होतं.

एका दुपारी स्टुडिओत फोन आला, ताबडतोब घरी या. पार्किंगमध्ये पंधराएक माणसं जमलेली. मधे आण्णा, खांद्याला कॅमेऱ्याची बॅग. ती बॅग ते भाजी आणायला जातानाही सोडत नसत. समोरच्या फ्लॅटमधल्या वहिनींनी त्यांना किल्लीने दार उघडताना चार-पाचदा पाहिलं होतं.

चेअरमनकाकांनी मला विचारलं, "घरात आजारी बाईमाणूस, आणि हा गडी रोज दुपारी कुलूप काढून आत जातो. कॅमेरा घेऊन. तुम्हाला माहीत आहे?"

एका पोराने तोवर कॅमेरा काढून घेतला होता आणि एकेक तुकडा पुढे सरकवत होता. "काहीच नाही यात, काका. नुसती घरं. ओटा… जिना… रिकामा पलंग… ही कुणाची तरी ओढणी दाराला अडकवलेली. माणूसच नाही एकात."

"माणूस नाही, तर मग काढतो कशाला?" वहिनी म्हणाल्या. "हेच तर विचित्र आहे ना!"

मी त्या लोकांचे चेहरे बघितले. साताऱ्याच्या हॉलमध्ये होते तसेच होते. रिकाम्या खोल्या बघून ज्याने-त्याने आपापलं भरलं होतं आणि ते करणारा म्हणून आण्णा समोर उभे होते.

"आणि सांभाळायला बाई येतात ना तुमच्याकडे?" काकांनी विचारलं. "त्या कुठायत?"

आण्णांनी माझ्याकडे पाहिलं. एकच वाक्य बोलायचं होतं. ते माझ्या जिभेवर आलं होतं, हे खोटं नाही. पण त्या वाक्यात कडी होती.

"बाई सुट्टीवर आहेत," मी म्हणालो. "किल्लीचं मला माहीत नाही."

आण्णांनी बॅगेचा पट्टा सारखा केला. "चूक माजी हाय," ते सगळ्यांना म्हणाले. "शूटिंगसाटी आलतो. ह्यास्नी ठाऊक न्हवतं."

दुपारीच सोसायटीच्या ग्रुपवर त्यांचा फोटो आला. खाली लिहिलं होतं, सावध राहा. तिथून तो आणखी किती ग्रुपांवर गेला, सांगता येत नाही. मी तो बघितल्याची खूण तिथे पडली. मी काही लिहिलं नाही. बायकांच्या खोलीत ज्याला विश्वासाने नेतात त्या माणसाला एवढं पुरतं. पंधरवड्यात चार ऑर्डरी गेल्या. स्टुडिओच्या मालकांनी मला बाजूला घेतलं. "तुझा अनुभव काय रे?" मी म्हणालो, "माणूस विचित्र आहे खरा." ते कार्ड मी त्याच दिवशी कोरं केलं. त्यांना निर्दोष ठरवेल असं त्याच्याइतकं दुसरं काही नव्हतं, आणि त्यांचं सगळ्यात चांगलं कामही तेच होतं. दोन्ही एका बटणात गेलं.

आण्णा आटपाडीला परत गेले. आई महिनाभर विचारत होती, पंखा अर्धा टाकून गेला का? पुढच्या थंडीत ती गेली. तेराव्याला ताईने माझ्या हातात एक साडी ठेवली. "त्या बाईंना नेऊन दे. आईचं सगळं त्यांनी केलं. मला त्यांच्या पाया पडायचं होतं." मी साडी घेतली. म्हणालो, देतो.

यंदा उन्हाळ्यात मी आटपाडीला गेलो. स्टँडजवळ त्यांचं झेरॉक्स आणि पासपोर्ट फोटोचं दुकान आहे. मला बघून ते उठले, स्टूल पुसून दिलं. केस पूर्ण पिकलेत.

"आई कशा हायत?"

त्यांना कुणी कळवलंच नव्हतं. मी सांगितलं. झोपेतच गेली, मी शेजारच्या खोलीत होतो.

त्यांनी झेरॉक्सचं मशीन बंद केलं. मग म्हणाले, "दार उगडं व्हतं न्हवं?"

"व्हय," मी म्हणालो. ते खरं होतं.

"मग बरं झालं."

मी विचारलं, "आता शूटिंग, आण्णा?"

"न्हाई रं. लोकं घरात घेत न्हाईत. आनि घराशिवाय म्या काय काढू?" हे त्यांनी तक्रार म्हणून सांगितलं नाही. एक बाई पोराचा शाळेचा फोटो काढायला आली, आणि ते दुकानाच्या दारात उभे राहून खोकले, मग तिला म्हणाले, "या, आत या." मी माफी मागायला गेलो होतो. चहा पिऊन परत आलो.

हे लिहिणं त्या मानाने सोपं आहे. यात माझं नाव नाही, त्यांचं नाही, बिल्डिंगचं नाही. म्हणून यातून काही फिटत नाही. आण्णा माझ्या आईसाठी येत होते, कारण मी तिला कोंडून कामावर जात होतो, हे मला त्या पार्किंगमध्ये, त्याच माणसांसमोर, स्वतःच्या तोंडाने आणि त्यांचं नाव घेऊन सांगायचं आहे. त्याआधी ताईला सांगायचं आहे. अजून दोन्ही सांगितलेलं नाही.